टीव्हीची खुर्ची सोडून उठलेला माणूस

देशात टीव्ही सुरू झाला, तेव्हा दिल्लीच्या त्या पहिल्या स्टुडिओत एक मराठी विनोदी लेखक निर्माता म्हणून काम करत होता. सरकारी नोकरी, परदेशातलं ट्रेनिंग, हातात नवंकोरं माध्यम. तरी तो उठला आणि एकटाच स्टेजवर जाऊन उभा राहिला. पु. ल. देशपांडे नावाच्या माणसाची ही गोष्ट.

सकाळी किल्लारीहून लातूरकडं निघालेली एसटी. खच्चून गर्दी. कॉलेजची पोरं-पोरी बॅगा मांडीवर घेऊन, कानात इअरफोन घालून बसलेली. कुणी रील बघतंय, कुणी क्लासच्या नोट्स. तेवढ्यात खिडकीजवळचा एकजण एकटाच खुसूखुसू हसायला लागतो. शेजारचा विचारतो, काय झालं रे? तो काही बोलत नाही, एक इअरफोन काढून त्याच्या हातात देतो.

तर त्या इअरफोनमध्येही एसटीच चाललेली असते. कोकणातली. रत्नागिरीहून मुंबईकडं निघालेली. आणि तिच्या पुढ्यात एक म्हैस आडवी आलेली. मग ड्रायव्हर, कंडक्टर, म्हशीचा मालक, पोलीस, पुढारी, कंटाळलेले प्रवासी असं सगळं गाव त्या एका म्हशीभोवती गोळा होतं. आणि ही सगळी माणसं एकच माणूस बोलत असतो.

तो माणूस २००० साली गेला. म्हणजे तुमच्यातल्या बहुतेकांच्या जन्माआधीच. तरी त्याचा आवाज अजून आपल्या मोबाइलमध्ये आहे. पुलं म्हटलं की आपल्याला जाड चष्मा, पुस्तकातला धडा आणि थोरामोठ्यांचं कौतुक एवढंच आठवतं. पण या माणसानं आयुष्यात किती वेळा हातातलं बरं चाललेलं काम सोडलंय, हे बघितलं की गोष्ट वेगळीच दिसायला लागते.

पेटी, शिकवण्या आणि कॉलेज

पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे. जन्म ८ नोव्हेंबर १९१९, मुंबईतल्या गावदेवी भागातला. बालपण जोगेश्वरीला आणि मग पार्ल्याला गेलं. आईचे वडील वामन मंगेश दुभाषी साहित्यातले जाणकार. रवींद्रनाथ टागोरांची गीतांजली त्यांनी अभंगाच्या रूपात मराठीत आणली होती. घरात पैसा बेताचा, पण गाणं आणि पुस्तकं भरपूर.

शाळा पार्ल्याच्या टिळक विद्यालयात. कॉलेज मात्र एका जागी झालं नाही. मुंबईचं इस्माईल युसुफ, पुण्याचं फर्ग्युसन, सांगलीचं विलिंग्डन अशी गावं बदलत शिक्षण पूर्ण झालं. घरची जबाबदारी अंगावर होती, म्हणून शिकता शिकता कमवायचंही होतं. शिकवण्या घेतल्या, कारकुनी केली, गाण्यांना चाली लावल्या, बैठकीत पेटी वाजवली. आज आपण ज्याला पार्टटाइम म्हणतो ते सगळं.

पुढं मुंबईच्या ओरिएंट हायस्कूलमध्ये मास्तरकी केली. तिथंच सुनीता ठाकूर भेटल्या. रत्नागिरीच्या, १९४२ च्या चळवळीत उतरलेल्या, स्वतःच्या मतावर ठाम असलेल्या. १२ जून १९४६ ला रत्नागिरीत दोघांचं अगदी साधं, नोंदणी पद्धतीचं लग्न झालं. ही तारीख लक्षात ठेवा, शेवटी पुन्हा लागणार आहे.

सिनेमा सोडला, रेडिओ धरला

लग्नानंतरची सात-आठ वर्षं सिनेमाची. पुलंनी भूमिका केल्या, पटकथा-संवाद लिहिले, गाणी लिहिली, संगीत दिलं. १९५३ च्या ‘देवबाप्पा’ सिनेमातलं मोराचं बालगीत तुम्ही बालवाडीत नाचून दाखवलं असेल. शब्द ग. दि. माडगूळकरांचे, आवाज आशा भोसलेंचा आणि चाल पुलंची. त्याच वर्षी ‘गुळाचा गणपती’ आला. कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि मुख्य भूमिका, सगळं पुलंचं. भीमसेन जोशींनी त्यात गायलेला अभंग आजही आषाढीला वाजतो.

असं यश मिळाल्यावर माणूस काय करतो? पुढचा सिनेमा काढतो. पुलंनी सिनेमाच सोडला. मधल्या काळात बेळगावच्या आणि मुंबईच्या कॉलेजांत प्राध्यापकी करून झाली होती. १९५५ मध्ये ते आकाशवाणीत गेले, पुणे केंद्रावर.

त्या केंद्रावर तेव्हा काय चाललं होतं, तेही बघा. त्याच वर्षी एप्रिलपासून तिथून गीतरामायण सुरू झालं. दर आठवड्याला एक गाणं, वर्षभर. रस्ते ओस पडायचे म्हणतात, ते याच काळातलं. मराठी माणसाला कानानं बांधून ठेवता येतं, हे समजून घ्यायला याहून चांगली शाळा नव्हती.

रेडिओवर चेहरा दिसत नाही. नट सुंदर आहे की नाही, पडदा भारी आहे की नाही, काही कामाचं नाही. माणूस उभा करायचा तर फक्त आवाजानं. म्हातारा कसा थांबत थांबत बोलतो, कारकून साहेबापुढं कसा अडखळतो, बायको नवऱ्याला टोमणा मारताना कुठला शब्द दाबते. पुलंचा कान मुळातच तिखट होता. रेडिओनं त्याला रोजचा रियाज दिला. ‘पुढारी पाहिजे’सारखं लोकनाट्य, श्रुतिका, नभोनाट्य असं लिहिणं चालू राहिलं.

दिल्लीतला छोटा स्टुडिओ

५० च्या दशकाच्या शेवटी भारत सरकारनं टीव्ही आणायचं ठरवलं. पण टीव्हीचा कार्यक्रम करायचा कसा, हे इथं फारसं कुणाला माहीत नव्हतं. म्हणून आकाशवाणीतली काही माणसं परदेशात शिकायला पाठवली. त्यात पुलं होते. लंडनला बीबीसीत त्यांनी ट्रेनिंग घेतलं. सोबत सुनीताबाई होत्या. युरोपही बघून झाला. या प्रवासावरचं ‘अपूर्वाई’ १९६० मध्ये आलं. मराठी माणूस विमानात, जहाजात, विलायतेच्या थंडीत कसा गडबडतो हे इतक्या मोकळेपणानं कुणी लिहिलंच नव्हतं. साहेबाच्या देशात जाऊन दिपून जायचं नाही आणि उगाच नाकही मुरडायचं नाही, असा त्या पुस्तकाचा सूर.

१५ सप्टेंबर १९५९. दिल्लीत टीव्हीचं प्रायोगिक प्रसारण सुरू झालं. आज खिशातल्या मोबाइलमध्ये हजार चॅनेल असलेल्या आपल्याला हे समजणं अवघड आहे. आकाशवाणीच्या इमारतीतला एक छोटा स्टुडिओ. ट्रान्समीटर असा, की प्रक्षेपण दिल्ली आणि आसपासच्या भागाच्या पलीकडं जाऊ शकत नव्हतं. रोजचा कार्यक्रमसुद्धा नाही, आठवड्यातले ठरावीक दिवस आणि थोडाच वेळ. घरोघरी संच नव्हतेच. सार्वजनिक ठिकाणी एक संच ठेवायचा आणि भोवती माणसं जमवायची. मुंबईला टीव्ही यायला २ ऑक्टोबर १९७२ उजाडलं. आपल्या लातूर-नांदेडकडं घरांवर अँटेना दिसायला लागल्या त्या ८० च्या दशकात.

त्या दिल्लीच्या स्टुडिओत पुलं निर्माता होते. पंडित नेहरूंची टीव्हीवर पहिली मुलाखत घेणारा माणूस म्हणून त्यांचंच नाव घेतलं जातं. चाळीत वाढलेल्या माणसांच्या गोष्टी सांगणारा लेखक आणि समोर देशाचा पंतप्रधान.

आता विचार करा. वय चाळिशीला आलेलं. केंद्र सरकारची नोकरी. बीबीसीचं ट्रेनिंग घेतलेली माणसं देशात हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. पुढच्या वीस-पंचवीस वर्षांत टीव्ही किती मोठा होणार, याचा अंदाज असणाऱ्यांपैकी ते एक. खुर्चीवर नुसतं बसून राहिले असते तरी वर गेले असते.

पुलं उठले. ६० चं दशक सुरू होताना त्यांनी सरकारी नोकरी सोडली आणि महाराष्ट्रात परत आले. घरात अशा वेळी काय ऐकायला मिळतं, ते तुम्हाला मी सांगायला नको.

एकटा माणूस, आख्खी चाळ

‘बटाट्याची चाळ’ पुस्तक म्हणून १९५८ मध्येच आलं होतं. मुंबईतली एक चाळ, तिच्यातली बिऱ्हाडं, त्यांची भांडणं, उपास, सहली, संगीताचे वर्ग. आता पुलंनी ती चाळ स्टेजवर आणली. एकट्यानं. तिकीट काढून लोक दोन-अडीच तास एका माणसाला बघायला येतील का, हाच मोठा प्रश्न होता. आज स्टँडअप कॉमेडीचे शो हाउसफुल्ल होतात तेव्हा त्यात नवल वाटत नाही. तेव्हा नाटक म्हणजे पडदे, पात्रं, प्रवेश असंच ठरलेलं होतं.

पण इथंच रेडिओ आणि टीव्ही कामाला आले असं म्हणता येतं. रेडिओनं शिकवलं की आवाज बदलला की माणूस बदलतो. टीव्हीनं शिकवलं की कॅमेरा जवळ आला की नुसती भुवई उडवली तरी पुरते, ओरडायची गरज नाही. बघणारा हजारोंच्या गर्दीतला नसतो, तो एकेकटा असतो. पुलं हजार माणसांच्या थिएटरात बोलायचे, पण प्रत्येकाला वाटायचं की हे माझ्याशीच बोलतायत. माध्यम सोडलं, माध्यमानं दिलेलं काम मात्र सोडलं नाही.

‘चाळ’ तुफान चालली. १९६२ मध्ये ‘वाऱ्यावरची वरात’ आली. मग ‘असा मी असामी’. त्यातला धोंडो भिकाजी जोशी हा साधा कारकून. जग बदलतंय, धोतर जाऊन पँट येतेय, घरात सोफा येतोय आणि हा बिचारा सगळ्यांच्या मागून धावतोय. आपल्या घरात पहिला स्मार्टफोन आला तेव्हा आजोबांचं जे झालं, तेच.

त्याच १९६२ मध्ये ‘व्यक्ती आणि वल्ली’ प्रसिद्ध झालं. १९६५ चा साहित्य अकादमी पुरस्कार त्यालाच मिळाला. लग्नघरात राबणारा नारायण, पुस्तकी भाषेत बोलणारा सखाराम गटणे, पोरांसाठी झिजलेले चितळे मास्तर, रत्नागिरीचा अंतू बर्वा. यातलं एकही माणूस मोठं नाही. ना पुढारी, ना कलेक्टर. आणि एक गंमत बघा. हसता हसता शेवटी घशात काहीतरी अडकतं. अंतू बर्व्याचे तिरकस टोमणे ऐकून आपण हसतो आणि नंतर लक्षात येतं की हा एकटा पडलेला म्हातारा आहे, टोमणे हेच त्याचं पांघरूण आहे. पुलं माणसाला हसतात तेव्हा तो माणूस आपल्यासमोर उघडा पडत नाही, तो जवळचा होतो. रोस्ट आणि विनोद यांत फरक कुठं पडतो, हे समजायचं असेल तर हे एक पुस्तक बास आहे.

नाटकं तर होतीच. ‘तुझे आहे तुजपाशी’, ‘सुंदर मी होणार’, पुढं शॉच्या ‘पिग्मॅलियन’वरून ‘ती फुलराणी’ आणि ब्रेख्तवरून ‘तीन पैशाचा तमाशा’. पन्नाशीत बंगाली शिकायला शांतिनिकेतनात जाऊन राहिले. म्हणजे वयाच्या त्या टप्प्यावर पुन्हा विद्यार्थी.

हसवणारा माणूस गप्प बसला नाही

हसवणाऱ्या माणसाकडून लोकांची एकच अपेक्षा असते, त्यानं हसवत राहावं. वादाच्या भानगडीत पडू नये. १९६६ मध्ये पद्मश्री मिळालेली, घराघरांत नाव झालेलं. गप्प राहिले असते तर कुणी काही म्हटलं नसतं.

जून १९७५ मध्ये आणीबाणी आली. वर्तमानपत्रांवर सेन्सॉर, विरोधी नेते तुरुंगात. पुलंनी जयप्रकाश नारायण यांच्या तुरुंगातल्या रोजनिशीचा मराठी अनुवाद केला. १९७७ ची निवडणूक जाहीर झाली तेव्हा ते सरळ प्रचाराच्या सभांमध्ये उतरले. ज्यांना लोक पोट धरून हसायला ऐकायचे, त्यांना आता लोकशाहीबद्दल ऐकायला गर्दी झाली. निवडणुकीत सत्ता बदलली. विजयी बाजूच्या अशा माणसाला नंतर पद मिळतं, समिती मिळते. पुलंनी काही घेतलं नाही. पुन्हा लिहायला बसले.

आणि हे काही एकाच पक्षाच्या विरोधातलं नव्हतं. १९९६ मध्ये राज्य सरकारनं महाराष्ट्रभूषण पुरस्कार सुरू केला आणि पहिला मान पुलंना दिला. तेव्हा ते थकलेले होते, आजारी होते. तरी पुरस्कार स्वीकारताना त्यांनी त्याच सत्ताधाऱ्यांच्या दंडेलीच्या भाषेबद्दल नाराजी मांडली. सत्तेतल्या बड्या नेत्याची जोरदार टीका मग त्यांच्यावर झाली. खूप गाजलं ते. ज्यांच्या हातून शाल घ्यायची त्यांनाच खरं सांगायचं, हे तरुण वयात सोपं असेल. ७७ व्या वर्षी, आयुष्यभर लोकप्रिय राहिल्यावर, अवघडच.

पैसा आला, गेला कुठं?

हाउसफुल्ल प्रयोग, खपणारी पुस्तकं, पुढं कॅसेट. पैसा चांगला आला. पुलं आणि सुनीताबाई राहायचे मात्र साधेपणानं. पु. ल. देशपांडे फाउंडेशन काढलं आणि त्यातून संस्थांना मदत जायला लागली. अनिल अवचटांनी पुण्यात गर्दच्या व्यसनात अडकलेल्या पोरांवर लेख लिहिले. कॉलेजच्या वयाची पोरं होती ती. लेख वाचून हे दोघं अस्वस्थ झाले आणि व्यसनमुक्ती केंद्रासाठी एक लाख रुपये दिले. ८० च्या दशकातले एक लाख. त्यातून २९ ऑगस्ट १९८६ ला ‘मुक्तांगण’ उभं राहिलं. आजही ते चालू आहे.

आपल्या किल्लारीला मदत म्हणजे काय हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटेनंतर इथं सगळ्या प्रकारची मदत आली. फोटोपुरती आलेलीही आणि गाजावाजा न करता राबलेलीही. कुठली मदत माणसाची मान खाली घालते आणि कुठली त्याला उभं करते, हे आपल्या घरातल्या मोठ्यांना बरोबर ठाऊक आहे. पुलंची मदत दुसऱ्या जातीची होती.

या सगळ्याचा हिशेब सुनीताबाई ठेवायच्या. करार, तारखा, प्रयोगांची व्यवस्था, कुणाला किती द्यायचं, सगळं. त्यांच्या कडक स्वभावाबद्दल लोक कुरकुरायचे. पण १९९० मध्ये त्यांचं ‘आहे मनोहर तरी’ आलं आणि मराठी वाचकाला धक्का बसला. सगळ्यांचा लाडका माणूस घरात मात्र लहान मुलासारखा राहतो आणि त्याचा भार कुणीतरी दुसरं वाहतं, हे त्यात सरळ लिहिलं होतं. नवरा हयात असताना, तो महाराष्ट्राचा लाडका असताना. पुलंची गोष्ट सांगताना हे गाळलं तर गोष्ट अर्धी राहील. एकट्या माणसाचा म्हणून जो प्रयोग आपण बघतो, त्यामागं बहुतेक वेळा दुसरं माणूस असतं.

मग आपली बोली कुठंय?

आता एक प्रश्न, जो आपल्याकडच्या पोरांना पडतोच. पुलंच्या जगात आपण आहोत का? चाळ मुंबईची, म्हैस कोकणातली, गटणे पुण्याकडचा. लातूर-नांदेडचा माणूस, त्याचं बोलणं, त्याचा दुष्काळ, त्याची जत्रा, हे त्यात फारसं नाही. ते जग बऱ्याच अंशी पांढरपेशांचं आहे. हे खरं आहे आणि ते म्हणायला लाजायचं कारण नाही.

पण त्यांची रीत बघा. अंतू बर्वा रत्नागिरीच्या हेलातच बोलतो. पेस्तनकाका पारशी मराठीत बोलतात. बेळगावचे रावसाहेब कानडी वळणानं बोलतात. पुलंनी यांच्यापैकी कुणालाही शुद्ध बोलायला लावलं नाही. बोली ही चूक नाही, ती त्या माणसाची ओळख आहे, असं मानून त्यांनी ती कानात साठवली.

हीच वाट धरून मराठवाड्यानं स्वतःचा माणूस काढला. प्राध्यापक लक्ष्मण देशपांडे. औरंगाबादच्या विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकवणारे. ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ घेऊन ते एकटे स्टेजवर उभे राहिले आणि ५२ पात्रं रंगवली, अस्सल आपल्या बोलीत. ती भाषा लंडन-अमेरिकेपर्यंत गेली आणि तिथली मराठी माणसंसुद्धा खुर्चीत लोळून हसली. मराठवाड्याची बोली म्हणजे नाटकातल्या गड्याची बोली, हा समज त्या एका प्रयोगानं मोडला.

म्हणजे पुलंकडून घ्यायचं काय, तर त्यांची चाळ नाही, त्यांचा कान. आपल्या एसटीतला कंडक्टर, रसवंतीवाला, बाजारात भावावरून भांडणारी मावशी, लग्नात विनाकारण रुसलेले मामा, पारावरचे राजकारणी, ही सगळी वल्ली मंडळी अजून कुणाची तरी वाट बघतायत. मोबाइल तर सगळ्यांच्याच हातात आहे. पुलंना टीव्ही शिकायला लंडनला जावं लागलं, आपल्याला कॅमेरा खिशात मिळालाय. अवघड आहे ते ऐकणं. आणि ज्याचं ऐकतोय त्याला खाली न पाडता हसवणं.

शेवटच्या वर्षांत पार्किन्सन्सनं पुलंना जखडलं. पेटीवर पळणारी बोटं थरथरायला लागली. १२ जून २००० ला पुण्यात ते गेले. त्या दिवशी त्यांच्या लग्नाला ५४ वर्षं पूर्ण झाली होती. त्यांच्यामागं त्यांच्या पैशातून पुण्याच्या आयुका संस्थेत मुलांसाठी विज्ञान केंद्राची इमारत उभी राहिली. शाळेतली पोरं तिथं येऊन हातानं प्रयोग करून बघतात. इमारतीचं नाव ‘पुलस्त्य’. सप्तर्षींतला एक तारा. त्या नावाची सुरुवातीची दोन अक्षरं नीट वाचा.

एसटी लातूरच्या स्टँडात शिरते. इअरफोनमधल्या त्या म्हशीचा निकाल अजून लागायचाय. राहिलेलं परतीच्या गाडीत ऐकायचं. फक्त एकदा इअरफोन काढून आपल्या गाडीत काय चाललंय, तेही ऐकून बघा.